पॉलिनने रचलेला नवरा

वसईच्या पश्चिमेला वाड्यांमधून जाणाऱ्या पायवाटा अशा आहेत, की त्या कुठे संपतात आणि कुणाचं अंगण कुठे सुरू होतं ते पाहुण्याला कळत नाही. अशाच एका वाटेच्या टोकाला, बावखलाकडे पाठ करून, पॉलिनचं कौलारू घर होतं. बावखल म्हणजे वाडीला पाणी पाजायला खणलेलं तळं. विहिरीहून मोठं, तलावाहून लहान आणि दोघांहून आळशी. सकाळी त्याच्या पाण्यावर धुकं येऊन बसायचं ते उठायचं नाव घेत नसे. पॉलिनही तशीच. बोलता बोलता अर्ध्या वाक्यात थांबून केळीच्या पानाकडे बघत राहायची, आणि समोरच्याने ते वाक्य आपल्या मनाने पुरं करून घरी जायचं.

गावात तिला ओळखत ते तिच्या सुकेळ्यांमुळे. पावसाळा सरून ऊन कडक झालं, की राजेळी केळ्यांचे घड उतरवायचे, पिकू द्यायचे, मग एकेक केळं सोलून उंच मांडवावर ओळीने उन्हात घालायचं. गांधीलमाश्या हाकत बसायचं. दुपारी परतायचं, संध्याकाळी गोळा करून पानांत झाकायचं, सकाळी पुन्हा मांडायचं. असं करता करता केळ्यातलं पाणी निघून जातं, साखर वर येते, आणि मधाच्या रंगाचं सुकेळं तयार होतं. डाग पडलेलं, आंबटलेलं केळं पॉलिनच्या बोटांना डोळे मिटूनसुद्धा कळायचं. ते ती बाजूला टाकायची. तिच्या हातचं सुकेळं तोंडात घातलं की माणूस थोडा वेळ कुणाशी भांडत नसे.

अपवाद तिच्या नवऱ्याचा. रॉबर्ट काहीही खाता खाता भांडू शकायचा. भात मऊ झाला तर कुरकुर, मोकळा झाला तर कुरकुर. चर्चमध्ये गाणं सुरू झालं की त्याचा आवाज सगळ्यांच्या एक ओळ पुढे धावायचा, आणि बाकीचेच मागे राहतात असं त्याचं ठाम मत. शेजारणीच्या, कॅथरिनच्या, कोंबड्याशी त्याचं हाडवैर. सकाळी दोघेही उठून एकमेकांवर ओरडत, आणि कोण आधी सुरू झाला हे गावाला कधी ठरवता आलं नाही. पण पॉलिनला ताप आला, की हाच माणूस चुलीपुढे बसून पेज करायचा आणि "गिळ आता, मेलीस तर मी कुणावर ओरडू?" म्हणत चमच्याने भरवायचा.

हातात फिटरचं काम होतं. लेक नॅन्सी शाळेत जायला लागली त्या वर्षी तो आखातात गेला, वाडीतले बरेचजण जात तसा. वर्षाआड यायचा, महिनाभर घर डोक्यावर घ्यायचा आणि जायचा. तो गेल्यावर घर इतकं शांत व्हायचं, की पॉलिनला आपलेच पाय वाजताना ऐकू येत.

आता रचणीचं सांगायला हवं, कारण पुढचं सगळं तिच्यापायी झालं.

पॉलिनची मावशी बेटी ही मिठागराच्या गावची. समुद्राचं पाणी बांधात अडवून, त्याचं मीठ होईपर्यंत वाट बघत बसायचं, हा त्यांचा जन्माचा उद्योग. त्या बसण्यातूनच ही विद्या निघाली, असं बेटीमावशी म्हणायची. वस्तू आधी मनात रचायची, मग ती जगात येते. पॉलिन अंगाने वाढायला लागली तेव्हा मावशीने तिला बांधावर बसवून शिकवली.

"देवाकडं मागतो ती प्रार्थना," बेटीमावशी म्हणाली होती. "हे मागनं नाही गो बाय. हे काम हाय. जे पायजे ते मनात असं बसवायचं, की जगाला वाटलं पायजे, अरे, हे तर इथंच होतं, मीच विसरलो."

"म्हणजे डोळ्यासमोर आणायचं?"

"डोळ्याला तिथं कामच नाही. आधी वास आन. मग आवाज. मग हातावर वजन. रूप सगळ्यात शेवटी. रूपापासून सुरू केलंस तर नुसतं चित्र तयार होतं, नि चित्राला कोन जेवन घालनार?"

वस्तू मनात पुरी भरली, की तिच्यासाठी जगात जागा झाडून ठेवायची आणि हात उचलायचा. हे हात उचलणं मावशी पुन्हा पुन्हा सांगायची. "तव्यावर भाकरी टाकलीस की हात मागं घेतेस ना? तसा घ्यायचा. धरून बसलीस तर हात भाजतो नि भाकरी पन फुगत नाही."

मावशीच्या दारातला माड बांधाच्या पलीकडे उभा होता आणि त्याची सावली दुसऱ्यांच्या अंगणात पडायची. एका सकाळी तो बांधाच्या अलीकडे होता. कुणाला नवल वाटलं नाही. मावशीचा नवरा तर छातीवर हात ठेवून सांगायचा, की माझ्या बापाने लावला तो इथेच. रचणीचं असंच असतं. जग बदलतं आणि जगाची आठवणही बदलते. आधी काय होतं हे फक्त रचणारीला ठाऊक राहतं.

"मग त्याचं काय करायचं, मावशी?"

"काय करनार? एकटीनं हसायचं."

पॉलिनने आयुष्यात रचणी फार थोडी केली. लग्न होऊन आली तेव्हा विहिरीचं पाणी मचूळ होतं, ते गोड केलं. दारात एक जाई रचली. कॅथरिनच्या कोंबड्याचा आवाज किंचित खाली आणला, पण त्याने रॉबर्टचं भांडण थंडावलं, म्हणून लगेच होता तिथे नेऊन ठेवला. प्रत्येक वेळी हात नीट उचलला. मिस्सेला जायची, माळ जपायची, आणि फादरांना यातलं काही सांगायची नाही. बिचाऱ्यांना आधीच पुष्कळ व्याप होते.

अठ्ठ्याण्णव साली रॉबर्टची कंपनी बंद पडली. आधी फोन थांबले, मग पत्रं थांबली. त्याच्याबरोबरचे दोघे परत आले. तेही काही सांगू शकले नाहीत. सगळे पांगले, म्हणाले, कागदपत्रं मालकाकडे अडकली, कोण कुठे गेलं कळलं नाही. फादरांनी चौकशा केल्या. रविवारच्या मिस्सेत त्याच्यासाठी प्रार्थना होऊ लागली. वर्ष उलटलं, तसं लोक त्याच्याविषयी बोलताना 'होता' म्हणायला लागले. कॅथरिनने पहिल्यांदा तसं म्हटलं, त्या संध्याकाळी पॉलिनने तिच्याकडे विरजण मागायचं बंद केलं.

आणि त्या हंगामात तिने मांडवावर केळी घातली, मांडवाखाली सावलीत बसली, आणि नवरा रचायला घेतला.

आधी वास. तेलाचा, लोखंडाचा, त्यावर लावलेल्या साबणाचा. मग आवाज. मग खाटेवर बसल्यावर खाट कुठे वाकते ते वजन. हात केळी परतत होते आणि मन रॉबर्टला परतत होतं, एकाच लयीत. ऊन मांडवावरून ठिबकायचं. गांधीलमाश्या गुणगुणायच्या. बावखलाच्या पाण्यात मांडव उलटा दिसायचा, आणि पॉलिनला वाटायचं, खाली पाण्यातसुद्धा एक बाई बसली आहे आणि तिचं काम आपल्यापेक्षा पुढे गेलं आहे.

पण हात सवयीचे गुलाम. डाग दिसला की बाजूला टाकायचा, आंबट लागलं की बाजूला टाकायचं. भातावरून कुरकुरणारा रॉबर्ट तिच्या मनात आला, की बोटं त्याला अलगद बाजूला ठेवायची. दार आपटणारा रॉबर्ट आला, बाजूला. दारू पिऊन बँडवाल्यांशी मारामारी केलेला रॉबर्ट आला, त्याला तर तिने बघितलंही नाही. पेज भरवणारा तेवढा उन्हात राहिला, आणि रोज थोडा अधिक गोड होत गेला. आठवणीतल्या माणसाला कोण आंबट ठेवतं?

उपवासकाळातली एक सकाळ होती. धुकं पाण्यावरून उठून वाटेवर आलं होतं. त्या धुक्यातून एक माणूस पिशवी घेऊन येताना दिसला, आणि त्याच्या आधी साबणाचा वास आला.

"आलो गो, पॉलिन," रॉबर्ट म्हणाला.

नॅन्सी आतून धावत आली आणि बापाच्या गळ्यात पडली. कॅथरिनने कुंपणावरून हात केला. सगळ्यांना वाटलं हे होणारच होतं. पॉलिन दारात उभी राहिली आणि तिला रडू आलं, आणि रडता रडता तिच्या लक्षात आलं, की आता हात उचलायला हवा.

तिने उचलला नाही. विहीर निराळी, जाई निराळी. उद्या सकाळी विहीर नसती, तर तिने कॅथरिनकडून पाणी आणलं असतं.

मग रोज सकाळी उठल्याबरोबर, डोळे उघडायच्या आधी, ती त्याला मनात एकदा परतून घ्यायची. वास, आवाज, वजन. मग डोळे उघडायची, आणि तो शेजारी असायचा.

सुरुवातीचे महिने मधात घातल्यासारखे गेले. रॉबर्टला सातिवलीला एका लेथच्या कारखान्यात काम मिळालं. सकाळी जायचा, संध्याकाळी यायचा, पायपुसण्याला पाय पुसून आत यायचा. भात मऊ झाला तर म्हणायचा, छान झालाय. मोकळा झाला तर म्हणायचा, छान झालाय. एकदा पॉलिनने मुद्दाम करपवला.

"कसा झालाय?"

"छान झालाय," रॉबर्ट म्हणाला आणि पुन्हा वाढून घेतला.

"अरे, करपलाय तो. वास येतोय सगळ्या घराला."

"तू म्हणतेस तर करपला असेल." आणि हसला. हसणं इतकं गोड, की पॉलिनने उठून करपलेला टोप खरवडायला घेतला.

चर्चमध्ये तो सगळ्यांच्या सुरात गायचा. कोंबडा सकाळी एकटाच ओरडायचा, थोडा वेळ थांबून उत्तराची वाट बघायचा, आणि गप्प व्हायचा.

"तुझा रॉबर्ट म्हणजे देवमाणूस," कॅथरिन म्हणाली. "पहिल्यापासून असाच. नाहीतर आमच्याकडे बघ, सकाळपासून तोंड सुटलेलं."

"पहिल्यापासून?" पॉलिनने विचारलं. "तुझ्या कोंबड्याला दगड कोण मारायचा गो?"

"कोण मारणार? रॉबर्टने कधी मुंगी तरी मारली का?"

पॉलिन घरात गेली. नॅन्सी अभ्यासाला बसली होती. तिला विचारलं, "पापा तुला लहानपणी ओरडायचे, आठवतं? तू बावखलात चप्पल टाकलीस तेव्हा?"

"पापा?" नॅन्सीने मान वर केली. "पापा कधी कुणाला ओरडले? मम्मी, तुला स्वप्न पडलं असेल."

तेव्हा पॉलिनला कळलं, की पहिला रॉबर्ट आता जगात एकाच ठिकाणी उरला आहे. तिच्या डोक्यात. आणि ती जागा काही फार भरवशाची नव्हती. तिने रात्रीच्या भाताला पाणी ठेवता ठेवता त्याच्या शिव्या आठवायचा प्रयत्न केला. त्याची एक खास शिवी होती, तीन भाषा एकत्र करून दिलेली, ऐकून भटजीसुद्धा हसला असता. ती आठवेना. ओठांवर यायची आणि गोड होऊन विरघळायची.

एका दुपारी जीपमधून दोन माणसं आली. बावखल भरू द्या, म्हणाले, मातीची गाडी आमची, जागा तुमची, वर दोन फ्लॅट. नाहीतरी डासच होतात. पॉलिनने रॉबर्टकडे बघितलं. पहिला रॉबर्ट असता तर कोयता घेऊन वाटेपर्यंत धावला असता, आणि जीपवाल्यांना उलटा गिअर टाकायला लावला असता.

"पॉलिन म्हणेल तसं," रॉबर्ट म्हणाला.

"पण तुला काय वाटतं?"

तो विचारात पडला. खरंच आत कुठेतरी शोधत असल्यासारखा दिसला, रिकाम्या डब्यात हात घालून बघावं तसा. मग त्याच ओल नसलेल्या हसण्याने म्हणाला, "तुला वाटतं तेच."

पॉलिनने त्या माणसांना नको म्हटलं. ते गेले. मग तिने रॉबर्टला समोर बसवलं आणि आजवर टाळलेला प्रश्न विचारला. "तिथे काय काय झालं? कंपनी बंद पडली, मग तू कुठे होतास?"

"होतो तिथेच."

"खात काय होतास? राहत कुठे होतास? बरोबर कोण होतं?"

"असेल कुणीतरी," रॉबर्ट म्हणाला.

ती दोन वर्षं पॉलिनला ठाऊक नव्हती, म्हणून त्यालाही ठाऊक नव्हती. तिने घातलं होतं तेवढंच त्याच्यात होतं.

दुसऱ्या दिवशी ती बस बदलत गोखिवऱ्याला गेली. बेटीमावशी आता तिथे मुलाच्या बिल्डिंगीत, चौथ्या मजल्यावर राहत होती. खाली गोदामं, ट्रक, पत्र्याचा आवाज. पण मावशीच्या खोलीत शिरलं की खाडीचा खारा वारा यायचा, आणि खिडकीच्या गजांना बारीक मीठ जमलेलं असायचं. सुनेला वाटायचं सगळ्याच बिल्डिंगीत असं होतं.

मावशीने सगळं ऐकून घेतलं. मग पॉलिनचा हात ओढून बोटं चेपून बघितली.

"सुकेळं केलंस त्याचं," ती म्हणाली.

पॉलिनने हात ओढून घेतला.

"पानी काढलंस सगळं. मी मिठाची बाय, मला कळतं. आमी पन पानी काढतो. पन मीठ कुनी लगीन करून घरात ठेवत नाही."

"मग पाणी परत घालते. मला अजून आठवतंय थोडं. त्याची कुरकुर, त्याचं दार आपटणं."

"ती तुजी कुरकुर होईल गो, त्याच्या तोंडून. भिजवलेलं सुकेळं केळं होतं का?" मावशी खिडकीकडे बघत राहिली. "हात उचलला नाहीस अजून."

"नाही."

"उचल."

"उचलला तर तो राहील?"

"मला काय ठाऊक? मी झाडं केली, हिरी केल्या. मानूस नाही केला. मानूस हलतो. ऱ्हाईल कदाचित. नाहीतर तू बसवायच्या आधी जिथं होता तिथं जाईल. असला तर."

"आणि नसला तर?"

बेटीमावशीने उठून चहा करून तिच्यापुढे ठेवला, आणि वारा बंद केला, कारण चहा निवत होता.

पॉलिन घरी आली ती तसाच विचार करत. घरात एक माणूस होता जो तिच्यावर माया करत होता, पाय पुसून आत येत होता, आणि संध्याकाळी तिच्या शेजारी बसून आंब्याची पानं हलताना बघत होता. कितीजणींना एवढं मिळतं? तो तिने ठेवला असता तर कुणाला कळलंही नसतं. रॉबर्टलासुद्धा नाही. खरा रॉबर्ट कुठे जिवंत असेल, तर तो मात्र हळूहळू तिच्या डोक्यातूनही पुसला गेला असता, आणि मग तो कधी होता असं सांगणारं कुणी उरलं नसतं.

पुढच्या उन्हाळ्यातल्या एका पहाटे, धुकं पाण्यावर बसलेलं असताना, तिने रॉबर्टला चहा दिला. तो मागच्या पायरीवर बसला होता.

"चहा कसा झालाय?"

"छान झालाय."

"तू फार चांगला आहेस," पॉलिन म्हणाली. तिला ते मनापासून वाटत होतं. त्याचाही त्यात काही दोष नव्हता.

तिने डोळे मिटले आणि हात उचलला. काही आवाज झाला नाही. एक मासा पाण्यावर येऊन गेला, वर्तुळ काठापर्यंत आलं. डोळे उघडले तेव्हा पायरीवर कोणी नव्हतं, आणि कपबशी फडताळात जागच्या जागी होती, कोरडी.

कॅथरिन कुंपणापाशी आली. "पॉलिन, फादर विचारत होते गो. रॉबर्टची अजून काही खबर नाही?"

"नाही," पॉलिन म्हणाली.

"देव बघेल," कॅथरिन म्हणाली, आणि डोळे पुसत परत वळली. तिचा कोंबडा पायांत येत होता, त्याला तिने हाकललं.

नॅन्सीने शाळेत जाताना बापाच्या फोटोला हात लावून कपाळाला लावला, कितीतरी महिन्यांची सवय असल्यासारखा. पॉलिनने दार लावलं आणि मांडवाखाली जाऊन बसली.

त्यानंतरचे दिवस तिने कसे काढले ते तिचं तिला ठाऊक. केळी सोलायची, मांडायची. बोटं वळवळायची. तो साबणाचा वास नुसता मनात आणला असता तरी पुरे होता, पुढचं सगळं आपोआप झालं असतं. गोड रॉबर्ट जवळच कुठेतरी होता, धुक्याच्या पलीकडे, बोलावण्याची वाट बघत उभा. एकदा तर तिला त्याची चाहूल लागली. तिने चटकन उठून केळी परतायला घेतली आणि मोठ्याने माळ म्हणत राहिली, मनाला दुसरं काही करता येऊ नये म्हणून. त्या हंगामातली सुकेळी म्हणे थोडी कमीच सुकली होती. गिऱ्हाइकांनी कुरकुर केली. पॉलिनला ती कुरकुर ऐकायला बरी वाटली.

आंबे उतरवायचे दिवस आले. ती अंगणात आढी घालायला पेंढा पसरत होती, तेव्हा वाटेवरून कुणीतरी बोलत येत असल्याचा आवाज आला. एकटाच बोलत होता, आणि चांगलाच चिडलेला.

"...चार वेळा रिक्षावाल्याला सांगतोय चर्चकडे घे, चर्चकडे घे, तर हा मला किल्ल्याकडे घेऊन जातो. मी काय टुरिस्ट आहे?"

दाढी वाढलेला, खंगलेला, एक पट्टा तुटलेली बॅग छातीशी धरलेला माणूस कुंपणाशी आला. साबणाचा वास नव्हता. घामाचा होता, आणि आणखी कसलातरी, खजुरासारखा, पॉलिनला अनोळखी.

"बघतेस काय? पाणी दे," रॉबर्ट म्हणाला. "आणि हे दार कुणी निळं रंगवलं? निळं दार बघितलंय का कधी?"

नॅन्सी ओरडत बाहेर आली. "पापा! मम्मी, पापा आले!" ती अशी रडली, की वाडीतली माणसं धावत आली. या वेळी कुणालाही वाटलं नाही की हे होणारच होतं. कॅथरिनने तर गुडघ्यावर बसून क्रूस काढला.

माणसं पांगल्यावर तो जेवायला बसला. पॉलिनने विचारलं, "कुठे होतास?"

मग तो सांगत सुटला. कंपनी बंद पडल्यावर तो पळाला होता. खजुराच्या एका मळ्यात पंप दुरुस्त करायचं काम धरलं. मळ्याचा म्हातारा मालक बहिरा होता, त्याच्यावर ओरडून काही उपयोग व्हायचा नाही, म्हणून ओरडायची सवयच सुटत आली होती. एक मल्याळी माणूस बरोबर होता, तो झोपेत गायचा. एक आंधळी शेळी होती, तिला पंपाचा आवाज ऐकल्याशिवाय झोप यायची नाही. पॉलिन ऐकत होती. यातलं एक अक्षर तिच्या मनात कधी आलं नसतं. सात जन्म मांडवाखाली बसली असती तरी ती आंधळी शेळी तिला रचता आली नसती.

"आणि एक सांगू?" रॉबर्टचा आवाज पडला. "एक दिवस मी ठरवलं होतं, परत जायचंच नाही. तिथे मला कुणी ओळखत नव्हतं. बरं वाटायचं."

पॉलिनचा हात भाताच्या टोपावर थांबला. हे आत कुठेतरी लागलं. किती दिवसांनी तिला काही असं लागलं होतं, ज्याची तिला आधी कल्पना नव्हती.

"मग आलास कशाला?"

"तेच कळत नाही. एक दिवस उठलो आणि चपला घातल्या."

"मग राहायचं होतं तिथेच! आम्ही इथे मेलो का जगलो..."

"राहिलोच असतो!"

"जा की मग! शेळी वाट बघत असेल!"

"शेळीला नावं ठेवू नकोस!" रॉबर्टने ताटावर हात आपटला, आणि मग त्याने ती शिवी दिली, तिन्ही भाषा एकत्र करून, अगदी पुरी. पॉलिन ऐकत राहिली. तिला जो मधला शब्द काही केल्या आठवत नव्हता, तो हा होता.

नॅन्सी कानांवर हात ठेवून कोपऱ्यात हसत होती. पलीकडून कॅथरिनचा आवाज आला, "आला का परत गळा काढायला! पहिल्यापासून असाच मेला, परदेशात जाऊनही सुधारला नाही!"

"तू गप गो, कोंबडेवाली!" रॉबर्ट खिडकीतून ओरडला.

पॉलिनचे डोळे वाहत होते आणि ती अजून खरोखर रागावलेली होती. तिने पुसलेही नाहीत. डाव घेतला आणि विचारलं, "भात वाढू, की आणखी भांडायचंय?"

"वाढ," रॉबर्ट म्हणाला. घास तोंडात घातला, चावला, आणि तोंड वाकडं केलं. "मऊ केलास."